पाहुण्यांच्या बाकावरून

आज आपण एका वाडीबद्दल आणि तिच्या शेजारच्या एका वस्तीबद्दल बोलणार आहोत. वाडीचं नाव लेबनन स्प्रिंग्ज. अमेरिकेतल्या न्यूयॉर्क राज्यात, पण न्यूयॉर्क शहरापासून बरंच उत्तरेला, मॅसॅच्युसेट्स राज्याच्या सीमेवर डोंगरांची एक रांग आहे. तिच्या पायथ्याशी न्यू लेबनन नावाचं गाव आहे आणि त्या गावात ही वाडी मोडते. स्प्रिंग्ज म्हणजे झरे. इथे एक झरा आहे, त्याचं पाणी बारा महिने कोमट असतं. एकोणिसाव्या शतकात त्या पाण्यासाठी शहरांतली सुखवस्तू माणसं उन्हाळ्यात इथे येऊन राहायची. हॉटेलं होती, घोडागाड्या होत्या, गावगप्पा होत्या.

आणि थोड्याच अंतरावर, डोंगराच्या उतारावर, माउंट लेबनन ही शेकर पंथाची वस्ती होती. तिथे हॉटेल नव्हतं, दागिने नव्हते, लग्न नव्हतं, कुणाची खाजगी मालमत्ता नव्हती. शेकर लोक बाहेरच्या सगळ्यांना एकाच शब्दात ओळखत: ‘जग’. म्हणजे वाडीतले पाहुणे हे जग, आणि डोंगरावरचे आपण जगाबाहेरचे.

आज आम्हाला जे मांडायचं आहे ते आधीच सांगून टाकतो. गेली दोनशे वर्षं या पंथाकडे लोक पाहत आले आहेत. आधी ते हसत होते, मग ते वाहवा करायला लागले. आमचं म्हणणं असं की हसणारे आणि वाहवा करणारे एकाच बाकावर बसले होते. त्या बाकावरून वस्तू दिसतात, माणसं दिसत नाहीत. आणि आज शेकर खुर्चीचं चित्र पाहून ‘किती साधं, किती सुंदर’ म्हणणारे आपणही त्याच बाकावर आहोत.

बाक हा शब्द आम्ही अलंकार म्हणून वापरत नाही. तो बाक खरोखर होता. त्याच्याकडे येऊच, पण आधी हे लोक कोण ते थोडक्यात.

अ‍ॅन ली ही इंग्लंडमधल्या मँचेस्टरची, १७३६ साली जन्मलेली कामकरी बाई. तिला चार मुलं झाली, चारही लहानपणीच गेली. ज्या छोट्या पंथात ती होती, त्यात प्रार्थनेच्या वेळी अंग थरथरायचं, माणसं नाचायची, म्हणून लोक त्यांना शेकर, म्हणजे थरथरणारे, म्हणायला लागले. नाव टिंगलीतून आलं आणि तेच राहिलं. १७७४ मध्ये अ‍ॅन ली आठ अनुयायांना घेऊन अमेरिकेत आली आणि ऑल्बनी शहराजवळ राहिली. तिची शिकवण सांगायला सोपी, पाळायला कठीण: ब्रह्मचर्य, पापाची उघड कबुली, जगापासून फारकत.

न्यू लेबननमध्ये १७७९ साली धार्मिक जागृतीची एक लाट आली होती. देवाचं राज्य आता येणार, असं लोकांना वाटत होतं. ते आलं नाही. लाट ओसरली आणि निराश माणसं मागे उरली. त्यांतली काही अ‍ॅन लीकडे गेली आणि तिची झाली. १७८४ मध्ये अ‍ॅन ली वारली. पुढच्याच वर्षी न्यू लेबननमध्ये प्रार्थनाघर उभं राहिलं, आणि १७८७ पासून जोसेफ मीचम आणि लूसी राइट या दोघांनी लोकांना एकत्र आणून सामाईक मालमत्तेची वस्ती वसवली.

इथे एक गोष्ट ध्यानात घ्या. ही वस्ती बाहेरून कुणी आणून डोंगरावर ठेवली नव्हती. ती डॅरो नावाच्या स्थानिक शेतकरी कुटुंबाच्या जमिनीवर उभी राहिली. आजूबाजूच्या घरांतल्याच नवराबायकांनी संसार सोडला आणि ते एकमेकांना भाऊ-बहीण म्हणायला लागले. वाडीला डोंगरावरचे लोक परके वाटत असतील, पण ते तिचेच सख्खे शेजारी होते, कधी कधी सख्खे नातलग.

आता बाक. १८२४ साली माउंट लेबननला नवं प्रार्थनाघर बांधलं. त्याचं छत उलट्या होडीसारखं कमानदार आहे आणि आत मध्ये एकही खांब नाही. खांब नसण्याचं कारण उघड आहे: आत शेकडो माणसांना एकत्र नाचायचं होतं. पुरुषांना वेगळं दार, स्त्रियांना वेगळं दार. आणि जगातल्या माणसांसाठी बसायला बाक, एकावर एक चढत्या रांगांत. म्हणजे प्रार्थनाघर बांधतानाच प्रेक्षक धरलेला होता. शेकरांना वाटायचं, बघायला आलेल्यांतला एखादा तरी आपल्यात येईल. ब्रह्मचारी पंथाला माणसं बाहेरूनच मिळणार ना! पण लेबनन स्प्रिंग्जच्या हॉटेलांतल्या पाहुण्यांना रविवारची ही करमणूक होती. सकाळी झऱ्याचं पाणी, मग गाडीत बसून शेकरांचा नाच.

१८३०च्या सुमाराला न्यूयॉर्कच्या अँथनी इम्बर्टनं या नाचाचं एक शिळाछापाचं चित्र काढलं. त्या चित्राच्या पुढे कितीतरी नकला निघाल्या आणि शेकर म्हटलं की लोकांच्या डोळ्यांसमोर तेच चित्र यायला लागलं: रांगांत उभे स्त्रीपुरुष, हात छातीपुढे वाकवलेले, सगळे सारखे. समीक्षक म्हणून आम्हाला त्यात एक गोष्ट महत्त्वाची वाटते. चित्र काढणाऱ्याचा डोळा नाचणाऱ्यांमध्ये नाही, तो बाजूला बसला आहे. नाचणाऱ्याला काय होत होतं, तो का घामाघूम होत होता, याच्याशी चित्राला देणंघेणं नाही.

१८४२ च्या जून महिन्यात चार्ल्स डिकन्स आला. त्याला नाच पाहायचा होता, पण बाहेरच्या लोकांच्या वागण्याला कंटाळून शेकरांनी त्या वर्षी प्रार्थनाघर पाहुण्यांना बंद केलं होतं. म्हणजे बाकच काढून घेतला. डिकन्स मग त्यांच्या एका खोलीत बसला, दुकानात डोकावला आणि निघाला. अमेरिकेच्या प्रवासावरच्या पुस्तकात त्यानं शेकरांवर यथेच्छ तोंडसुख घेतलं आहे. भिंतीवरच्या खुंट्या, त्यांवरच्या टोप्या, घड्याळ, सगळ्यांना तो एकच उदास विशेषण लावत सुटतो. वाचताना हसू येतं, गडी लिहिणारा पट्टीचा. पण तो पाहतो काय? ज्या माणसांना भेटला त्यांच्याशी त्याचं बोलणं जेमतेम झालं. त्यानं वस्तू पाहिल्या आणि वस्तूंवरून माणसांचा निकाल लावला.

आता त्याच खुंट्या धरून आपण नव्वद वर्षं पुढे येऊ.

१९२३ साली मॅसॅच्युसेट्सच्या पिट्सफील्ड गावातले एडवर्ड डेमिंग अँड्र्यूज आणि त्यांची पत्नी फेथ हे डोंगरापलीकडच्या हॅनकॉक या दुसऱ्या शेकर वस्तीत पाव विकत घ्यायला थांबले. पाव घेतला आणि तिथलं फर्निचर पाहून भारावून गेले. तिथून त्यांचा संग्रह सुरू झाला. हॅनकॉक आणि माउंट लेबनन या दोन्ही ठिकाणच्या वृद्ध भगिनींकडून त्यांनी वस्तू घेतल्या. १९३५ मध्ये न्यूयॉर्कच्या व्हिटनी म्युझियममध्ये शेकर हस्तकलेचं प्रदर्शन झालं. १९३७ मध्ये त्यांचं शेकर फर्निचरवरचं पुस्तक आलं, विल्यम विंटर यांच्या छायाचित्रांसह. आणि डिकन्सला ज्या खुंट्यांनी उदास केलं, त्याच खुंट्या आता शुद्ध रेषेचा नमुना ठरल्या.

छायाचित्रं अप्रतिम आहेत, त्यात वाद नाही. खिडकीतून येणारा उजेड, पांढरी भिंत, खुंट्यांची आडवी ओळ, एक खुर्ची, एक टेबल. पण बघा, खोल्यांत माणूस जवळपास नाहीच. आणि ही मांडणी छायाचित्रासाठी केलेली होती. ज्या बहिणी तेव्हा हयात होत्या, त्यांच्या रोजच्या खोल्या अशा नव्हत्या. एकोणिसाव्या शतकाच्या शेवटी त्यांनीही चारचौघांसारखं नक्षीचं फर्निचर, लिनोलियम, पियानो घरात आणले होते. जुन्या खुर्च्या त्या विकत होत्या, कारण माणसं उरली नव्हती, इमारती मोठ्या होत्या आणि पैशाची गरज होती. जिवंत शेकर बाई फ्रेमबाहेर उभी आहे आणि तिनं विकलेली खुर्ची फ्रेममध्ये आहे. याला आम्ही बाक म्हणतो.

अँड्र्यूज दांपत्यावर आमचा राग नाही. त्यांनी गोळा केलं नसतं तर कितीतरी कागद आणि वस्तू सरपणात गेल्या असत्या. आमचं भांडण त्यांच्या पाहण्यातून पुढे जी भाषा तयार झाली तिच्याशी आहे. ‘साधेपणा’ हा त्या भाषेतला मुख्य शब्द. तो वापरला की विचार करायचं काम संपतं. म्हणून माउंट लेबननची एक खुर्चीच घेऊन हा शब्द तपासून बघू.

ही खुर्ची हलकी असते. पाठीला आडव्या पट्ट्या, वर दोन छोटी टोकं, बैठक आपल्या नवारीसारख्या रंगीत पट्ट्यांनी विणलेली. केर काढताना ती उचलून भिंतीच्या खुंटीला टांगायची. इथवर ठीक. पण १८७०च्या दशकात रॉबर्ट वॅगन यांच्या देखरेखीखाली तिथल्या साउथ फॅमिलीचा खुर्च्यांचा कारखाना जोरात चालत होता. खुर्च्यांना ० ते ७ असे आकाराचे क्रमांक होते. छापील कॅटलॉग होता. नकली मालापासून सावध राहा, आमची सोनेरी खूण पाहून घ्या, असा इशारा होता. १८७६ च्या फिलाडेल्फियाच्या मोठ्या प्रदर्शनात या खुर्च्या मांडल्या होत्या. त्याआधी १८५२ मध्ये जॉर्ज डॉनेल या शेकर बंधूनं खुर्ची मागे रेलली तरी तिचे पाय जमिनीवर सपाट टेकलेले राहतील अशा धातूच्या गोळीचं पेटंट घेतलं होतं. पेटंट, ट्रेडमार्क, कॅटलॉग. जगापासून फारकत घेतलेल्या माणसांना जगाचा बाजार चांगला कळत होता. बियाणं छोट्या कागदी पुड्यांत घालून विकणाऱ्या पहिल्या लोकांत शेकर होते. औषधी वनस्पती ते सुकवून, दाबून विकत.

दुसरं, रंग. साधं म्हणजे उघडं लाकूड, असं आपल्याला वाटतं. पण १८४५ च्या त्यांच्या नियमांत पलंग हिरवे रंगवावेत असं सांगितलेलं आहे. पिवळ्या, लाल, निळ्या रंगांचं फर्निचर त्यांच्याकडे होतं. कित्येक वस्तूंवरचा रंग नंतरच्या मालकांनी खरवडून काढला, कारण त्यांना हवा असलेला साधेपणा रंगाखाली असेल अशी त्यांची समजूत होती. म्हणजे आपण ज्याला शेकर साधेपणा म्हणतो त्यात काही वाटा शेकरांचा आणि काही वाटा पॉलिशपेपरचा आहे.

तिसरं, किंमत. आणि हे सगळ्यांत जड आहे. खुर्च्या सारख्या का? कारण ‘माझी खुर्ची’ असं म्हणणारा कुणी नव्हता. घर इतकं नेटकं का? कारण त्यात कुणाचा संसार नव्हता. जेम्स चॅपमन नावाचा एक माणूस ऑल्बनीजवळच्या शेकरांत गेला आणि १८१४ मध्ये आपली तीन मुलं घेऊन गेला. त्याची बायको युनिस शेकर व्हायला तयार नव्हती. तेव्हाच्या कायद्यात मुलं बापाची. ती वर्षानुवर्षं भांडली, पुस्तकं छापून लोकांना सांगत राहिली. शेवटी १८१८ मध्ये न्यूयॉर्कच्या विधिमंडळानं खास कायदा करून तिला घटस्फोट दिला आणि त्याच वर्षी न्यू हॅम्पशायरमधल्या शेकर वस्तीतून तिनं मुलं परत मिळवली. खुंट्यांच्या ओळीकडे पाहताना ही बाईही आपल्याला आठवायला हवी.

पण थांबा, इथे बाजू उलटवून पाहणंही आलं. त्याच काळात बाहेरच्या जगात विवाहित बाईच्या नावावर स्वतःची मालमत्ता जवळपास नसायचीच. माउंट लेबननला मात्र लूसी राइट ही बाई १८२१ मध्ये वारेपर्यंत सगळ्या पंथाची प्रमुख होती. प्रत्येक कुटुंबात जितके पुरुष वडीलधारे तितक्या स्त्रिया. ‘कुटुंब’ हा त्यांचाच शब्द: भरभराटीच्या काळात माउंट लेबननला अशी आठ कुटुंबं होती आणि सुमारे ६०० माणसं. वारंवारच्या बाळंतपणांतून सुटलेली, लिहितीवाचती, हिशेब ठेवणारी बाई तिथे होती. चूल आणि धुणं बायकांकडेच राहिलं, हेही खरं. म्हणून या वस्तीला तुरुंग म्हणा किंवा स्वर्ग म्हणा, दोन्ही बाकावरचेच शब्द. आत राहणाऱ्यासाठी तो एक सौदा होता: हे सोडायचं, ते मिळवायचं. खुर्ची त्या सौद्यातून आली.

आणि वाडी? वाडीला आपण अजून फक्त प्रेक्षक मानलं. ते पुरेसं नाही. न्यू लेबननच्या टिल्डन कुटुंबानं औषधी वनस्पतींचा मोठा धंदा उभारला, त्याच खोऱ्यात जिथे शेकर तोच व्यवसाय करत होते. त्या घरातला सॅम्युएल टिल्डन १८७६ मध्ये अमेरिकेच्या राष्ट्राध्यक्षपदासाठी उभा राहिला. मतं जास्त पडूनही त्याला पद मिळालं नाही. बघा, एकाच वर्षी या खोऱ्यातला माणूस देशाच्या निवडणुकीत आणि याच खोऱ्यातली खुर्ची फिलाडेल्फियाच्या प्रदर्शनात. डोंगरावरचे जगाबाहेर आणि खालचे जगात, ही विभागणी शेकरांची श्रद्धा होती. व्यवहारात रस्ता, बाजार आणि हवापाणी एकच होतं. बघायला येणारा पाहुणा उन्हाळा संपला की जायचा. शेजारी बारा महिने तिथेच असायचा. त्यानं शेकरांना कसं पाहिलं, हे बाकावरून लिहिणाऱ्यांच्या पुस्तकांत फार थोडं सापडतं.

आता शेवट. माणसं कमी होत गेली. बाहेर कारखान्यांत पगार मिळू लागला तसे तरुण पुरुष गेले. सांभाळलेली मुलं मोठी झाली की निघून जायची. १९३०च्या दशकात वस्तीच्या मोठ्या भागात एक निवासी शाळा सुरू झाली, तिला त्याच डॅरोंचं नाव मिळालं, आणि ते कमानदार छताचं प्रार्थनाघर शाळेचं ग्रंथालय झालं. १९४७ मध्ये उरलेल्या भगिनी डोंगरापलीकडे हॅनकॉकला गेल्या. १८५९ साली बांधलेलं नॉर्थ फॅमिलीचं प्रचंड दगडी धान्य-गोठाघर १९७२ मध्ये जळलं, आज नुसत्या भिंती उभ्या आहेत. त्याच नॉर्थ फॅमिलीच्या राहत्या घरातली एक खोली न्यूयॉर्कच्या मेट्रोपॉलिटन म्युझियमनं उचलून नेऊन आपल्या दालनात जशीच्या तशी मांडली. आणि जिच्यातून ती खोली काढली, ती इमारत १९७०च्या दशकात पाडली गेली.

ही खोली वाचली याचा आम्हाला आनंदच आहे. पण तिच्यापुढे उभं राहिलं की काय दिसतं? दोरीच्या अलीकडे आपण, पलीकडे खोली. १८२४ च्या प्रार्थनाघरात होती तशीच रचना. फरक एवढाच की आता नाचायला कुणी नाही.

मेन राज्यातल्या सॅबथडे लेक या वस्तीत शेकर आजही आहेत, हाताच्या बोटांवर मोजण्याइतके. तिथल्या भगिनी मिल्ड्रेड बार्कर १९९० मध्ये वारल्या. आपली आठवण एखाद्या फर्निचरच्या तुकड्यासारखी राहू नये, देवाला दिलेला शब्द शक्य तितका नीट पाळणारी बाई म्हणून राहावी, अशा अर्थाचं त्या बोलल्या होत्या. आमच्या मते शेकर वस्तूंवरची ही सगळ्यांत कठोर समीक्षा आहे, आणि ती वस्तू बनवणाऱ्यांच्या बाजूनं आलेली आहे.

तुमच्यातला कुणी विचारेल, आणि विचारायलाच हवं: मग सुंदर वस्तूला सुंदर म्हणायचंच नाही का? प्रत्येक खुर्चीबरोबर तिचा पंथ आणि त्यातली भांडणं गळ्यात बांधून घ्यायची का? याचं एक उत्तर आनंद कुमारस्वामींच्या कामात मिळतं. कोलंबोत जन्मलेले, बॉस्टनच्या संग्रहालयात भारतीय कलेचा विभाग सांभाळणारे कुमारस्वामी. १९३९ मध्ये त्यांनी अँड्र्यूज यांच्या त्याच पुस्तकावर एक परीक्षण लिहिलं. परंपरेतल्या कारागिराबद्दल ते जन्मभर जे सांगत आले, ते त्यांना इथे दिसलं: उपयोग आणि सौंदर्य वेगळे नाहीत, आणि काम हीच साधना. बाकावरून उठून आत पाहण्याचा हा प्रामाणिक प्रयत्न होता असं आम्हाला वाटतं. त्यांच्यापुढे आम्ही एकच पाऊल टाकू. काम ही साधना होती, हे मान्य. पण ती साधना कुणाकुणाच्या कष्टावर आणि त्यागावर उभी होती, आणि त्यागाची निवड कुणाला होती, कुणाला नव्हती, हेही विचारायचं. मोठ्या माणसानं आपणहून संसार सोडणं एक, आणि सहा वर्षांच्या पोराला बापानं तिथे नेऊन सोडणं दुसरं. दोघंही त्याच खुर्चीवर बसत होते.

सुंदर म्हणा, जरूर म्हणा. फक्त ‘साधं’ म्हणताना जरा अडखळा. तेवढ्या अडखळण्यात, आमच्या मते, समीक्षेचं निम्मं काम होतं.

आम्हीही हे सगळं बाकावरूनच बोललो. आम्ही शेकर नाही, लेबनन स्प्रिंग्जचे रहिवासीही नाही. पण बाकावर बसलो आहोत हे ठाऊक असणाऱ्यानं निदान एक गोष्ट करावी: समोरच्या रिकाम्या खोलीत माणसं आणून बसवावीत. हिरव्या पलंगावर दिवसभर धुणं धुऊन दमलेली एक बहीण, टेबलाशी बियाण्याच्या पुड्यांचा हिशेब मांडणारा एक भाऊ, दाराबाहेर मुलांसाठी आलेली एक आई, आणि रस्त्यापलीकडे त्याच झऱ्याचं पाणी पिणारा शेजारी. मग ती खुर्ची पुन्हा पाहावी. ती तेवढीच सुंदर दिसेल, पण आता तिच्यावर कुणीतरी बसलेलं असेल.